जागेचे भाडे, चाकाचे भाडे

मराठीतला 'भाडे' हा शब्द मोठा सोशिक आहे. घरमालकाला महिन्याकाठी मिळते ते भाडे, गाडीवाल्याला खेपेचे मिळते तेही भाडे, आणि गाडीत बसलेल्या माणसालाही गाडीवाला भाडेच म्हणतो. 'सकाळपासून एक भाडं मिळालं नाही' असे तो म्हणतो तेव्हा त्याला पैसा अभिप्रेत असतो की माणूस, हे विचारण्याची गरज कोणाला पडत नाही. जागेचे मोल आणि चाकाचे मोल एकाच शब्दात नांदते आहे, हे एरवी आपल्या ध्यानातही येत नाही. परंतु ही दोन भाडी एकमेकांसमोर उभी ठाकतात असे एक ठिकाण आहे, ते म्हणजे रेल्वे स्थानकाचे आवार. टॅक्सीवाला तेथे चाकाचे भाडे मिळवण्यासाठी उभा राहतो, आणि उभा राहतो म्हणून स्थानकाचा मालक त्याच्याकडे जागेचे भाडे मागतो. या दुसऱ्या भाड्याला कधी प्रवेशशुल्क म्हटले गेले, कधी परवाना फी, तर कधी पार्किंग. नाव कोणतेही असो, त्याविरुद्ध भाड्याच्या गाड्यांचे मालक-चालक पहिल्यांदा न्यायालयात गेले त्याला आता एकशे पासष्टांहून अधिक वर्षे झाली आहेत.

हा इतिहास कायद्याच्या ग्रंथांत विखुरलेला आहे आणि साहित्याचे अभ्यासक त्या वाटेला सहसा जात नाहीत. आम्हाला मात्र असे वाटते की न्यायालयाचा निवाडा हीदेखील एक संहिता असते. तिच्यातही निवेदक असतो, पात्रे असतात, कोणाला बोलू द्यायचे आणि कोणाला गप्प ठेवायचे याची एक रचना असते. व्याकरणाच्या भाषेत विचारायचे तर या वाक्यांचा कर्ता कोण, असे विचारता येते. स्थानकाच्या आवारावरून झालेले खटले या दृष्टीने वाचू लागलो की एक गोष्ट पुन्हा पुन्हा समोर येते. दावा गाडीवाल्याचा असतो, पोट त्याचे असते, पण निकालातला कर्ता तो क्वचितच असतो. कधी प्रवासी, कधी कंपनी, कधी सार्वभौम सत्ता. गाडीवाला बहुधा संबंधकारकात, कोणाच्या तरी सोयीचा किंवा गैरसोयीचा भाग म्हणून येतो. प्रस्तुत लेखात हेच तपासून पाहायचे आहे.

सुरुवात लंडनपासून करावी लागते, कारण आगगाडी आणि भाड्याची घोडागाडी यांची गाठ तेथे फार लवकर पडली. एकोणिसाव्या शतकाच्या मध्याला लंडनमध्ये एकामागून एक मोठी स्थानके उभी राहिली. ती खाजगी कंपन्यांची होती. स्थानकासमोरचा रस्ता सार्वजनिक होता, पण फाटकाच्या आतले आवार कंपनीच्या मालकीचे होते. गाडीतून सामानसुमानासह उतरलेला प्रवासी या आवारातच वाहन शोधणार हे उघड होते. तेव्हा आवारात उभे राहण्याची मुभा ही विकता येण्याजोगी वस्तू आहे, हे कंपन्यांनी ओळखले. ठरावीक गाड्यांनाच आत उभे राहू द्यायचे आणि त्यांच्याकडून ठरावीक रक्कम घ्यायची, अशी पद्धत रूढ झाली. या गाड्यांना 'प्रिव्हिलेज्ड कॅब', म्हणजे विशेषाधिकाराच्या कॅब म्हणत.

या पद्धतीच्या बाजूने बोलण्यासारखे बरेच होते, हे मान्य करायला हवे. अपरात्री येणाऱ्या गाडीच्या प्रवाशाला वाहन मिळेल याची हमी कंपनीला हवी होती. आवारात शंभर गाडीवाले प्रवाशाच्या सामानावर झडप घालू लागले तर स्त्रिया, मुले आणि परगावचे लोक यांचे हाल होतात. निवडक गाडीवाले असले की त्यांना शिस्त लावता येते, तक्रार आली तर त्यांना काढून टाकता येते. शिवाय आवार झाडायचे, फरसबंदी राखायची, दिवे लावायचे तर खर्च येतोच. हे सारे युक्तिवाद आजही जवळजवळ याच शब्दांत केले जातात आणि ते सगळेच खोटे नाहीत.

ज्याला हा विशेषाधिकार नव्हता त्याचे काय होई, ते लंडनच्या बोलीभाषेने टिपून ठेवले आहे. आतल्या सगळ्या गाड्या उठल्यावर, उरलेल्या प्रवाशांसाठी बाहेरच्या गाड्यांना आत घेतले जाई. अशा गाड्यांना 'ब्ल्यूखर' असे नाव पडले होते. वॉटर्लूच्या रणांगणावर १८१५ साली प्रशियाचा सेनापती ब्ल्यूखर दिवस कलल्यावर पोहोचला आणि उरलेसुरले काम त्याच्या वाट्याला आले, अशी इंग्रजांची समजूत. तीच थट्टा स्थानकाबाहेर ताटकळणाऱ्या गाडीवाल्यांच्या नशिबी आली. एकोणिसाव्या शतकातल्या बोलीकोशात या शब्दाची नोंद आहे. ज्या व्यवस्थेविषयी न्यायालयांनी पानेच्या पाने लिहिली, तिचे सार रस्त्याने एका विशेषनामात सांगून टाकले होते.

या व्यवहाराचा आर्थिक गाभाही पाहिला पाहिजे, कारण पुढचे सगळे त्यावर उभे आहे. १८५३ साली ब्रिटिश संसदेने कायदा करून लंडनच्या कॅबचे भाडे मैलाला सहा पेनी असे बांधून दिले. त्याविरुद्ध त्याच वर्षीच्या जुलैत गाडीवाल्यांनी संप केला. योगायोग असा, की त्याच वर्षी १६ एप्रिलला बोरीबंदरहून ठाण्याला पहिली प्रवासी आगगाडी निघाली होती. भाडे बांधून देणे प्रवाशाच्या दृष्टीने न्याय्यच होते. अडलेल्याला नाडू नये म्हणून ते आवश्यकही होते. परंतु त्याचा परिणाम असा झाला, की गाडीवाल्याने किती घ्यावे ते कायद्याने ठरवले, आणि त्याच्याकडून किती घेतले जावे ते मात्र जागेच्या मालकाच्या मर्जीवर राहिले. चाकाचे भाडे गोठलेले आणि जागेचे भाडे मोकळे. दुकानदाराचे गाळाभाडे वाढले तर तो मालाची किंमत वाढवतो. गाडीवाल्याला ती वाट बंद असते. जागेसाठी मोजलेला प्रत्येक पैसा त्याच्या घरखर्चातून जातो. स्थानकाच्या फीचा तंटा क्षुल्लक रकमेचा वाटतो, पण रक्कम लहान असूनही तो इतक्या वेळा न्यायालयापर्यंत का गेला याचे उत्तर येथे आहे.

१८५४ साली ब्रिटनमध्ये रेल्वे आणि कालवे वाहतुकीविषयीचा कायदा झाला. रेल्वे कंपन्यांनी वाहतुकीसाठी सर्व वाजवी सोयी द्याव्यात आणि कोणालाही अवाजवी झुकते माप देऊ नये, असे त्याने सांगितले. गाडीवाल्यांना वाटले, आपल्याला शस्त्र मिळाले. एकाला आत घ्यायचे आणि दुसऱ्याला फाटकावर अडवायचे, हे झुकते माप नव्हे तर काय? एका वर्षात, १८५७ साली, अशी निदान तीन प्रकरणे 'कॉमन प्लीज' या न्यायालयापुढे आली. मॅरियट या बसमालकाने लंडन अँड साउथ वेस्टर्न रेल्वेविरुद्ध तक्रार केली आणि तो जिंकला. या बस अर्थातच घोड्यांच्या होत्या. बीडेल या कॅबमालकाने ईस्टर्न काउंटीज रेल्वेविरुद्ध तक्रार केली, आणि तो हरला. पेंटर नावाच्या गाडीमालकाने लंडन ब्रायटन अँड साउथ कोस्ट रेल्वेविरुद्ध तशीच तक्रार केली, तोही हरला.

कायदा तोच, न्यायालय तेच आणि वर्षही तेच असताना निकाल निराळे का, या प्रश्नाचे उत्तर उद्‌बोधक आहे. मॅरियटच्या प्रकरणात त्याची बस अडवल्याने प्रवाशांची गैरसोय झाली असे न्यायालयाला दिसले. बीडेल आणि पेंटर यांच्या प्रकरणांत आत पुरेशा गाड्या होत्या, प्रवाशाला वाहन मिळत होते. मग तक्रार कसली? कायदा प्रवासी जनतेसाठी आहे, एका गाडीवाल्याचा धंदा दुसऱ्याकडे गेला याचे सोयरसुतक त्याला नाही, असा या निकालांचा मथितार्थ. म्हणजे जो जिंकला तोही स्वतःच्या हक्काने जिंकला नाही. प्रवाशाच्या गैरसोयीचा पुरावा म्हणून तो उपयोगी पडला इतकेच. आम्ही वर ज्याला कर्त्याचा प्रश्न म्हटले तो हाच. दाव्याच्या शीर्षकात गाडीवाल्याचे नाव आहे, निकालाच्या वाक्यात नाही.

चाळीस वर्षांनी, १८९७ साली, हाउस ऑफ लॉर्ड्‌सने पर्थ स्थानकाच्या समितीविरुद्ध रॉस या खटल्यात आणखी एक पाऊल पुढे टाकले. स्कॉटलंडमधल्या पर्थचे स्थानक अनेक रेल्वे कंपन्यांचे सामाईक होते. प्रवाशांना आपल्या हॉटेलात नेण्यासाठी बस आणि माणूस पाठवणाऱ्या हॉटेलवाल्याला समितीने मज्जाव केला, आणि लॉर्ड्‌सनी समितीला पाठिंबा दिला. जो स्वतः आगगाडीने जात-येत नाही, त्याला स्थानकात येऊ द्यायचे की नाही हे मालकाने ठरवायचे. प्रवाशाने स्थानकात यावे यात कंपनीचे हित आहे; प्रवाशाच्या जिवावर जगणाऱ्याने यावे की नाही, हा कृपेचा प्रश्न ठरला.

न्यायालयांत जे मिळाले नाही ते लंडनच्या गाडीवाल्यांना अखेर संसदेत मिळाले. विशेषाधिकाराची पद्धत मोडावी ही त्यांची जुनी मागणी होती. शहरात १०,००० हून अधिक कॅब होत्या आणि त्यांचे चालक एव्हाना संघटित झाले होते. १८९४ साली मालकांना द्याव्या लागणाऱ्या दैनंदिन भाड्यावरून त्यांनी मोठा संप केला होता आणि तत्कालीन गृहमंत्री आस्क्विथ यांना मध्यस्थी करावी लागली होती. १९०७ साली 'लंडन कॅब अँड स्टेज कॅरेज' कायदा झाला. मोटारकॅबच्या इतिहासात तो मीटरच्या भाड्यासाठी ओळखला जातो, पण त्याच्या दुसऱ्या कलमाने विशेषाधिकाराची पद्धत रद्द केली. स्थानकात कॅब उभ्या राहू देणार असाल तर निवडानिवड करता येणार नाही. पैसे घ्यायचेच तर ते सरकारच्या संमतीने, आणि या व्यवस्थेमुळे पडणाऱ्या जादा खर्चाच्या भरपाईपुरते. पुरेशा गाड्या मिळत नसतील अशा स्थानकापुरता अपवाद करण्याची मुभा गृहमंत्र्यांना ठेवली होती.

या तरतुदीचे शहाणपण आम्हाला मोठे वाटते. तिने कंपनीची मालकी नाकारली नाही आणि आवाराचा खर्चही नाकारला नाही. तिने एवढेच म्हटले, की खर्च आणि नफा या दोन वेगळ्या गोष्टी आहेत. झाडलोटीचे पैसे घ्या, पण प्रवाशाच्या अडचणीचा लिलाव करू नका. जागेच्या भाड्याला पहिल्यांदाच माप लागले.

येथे थोडे साहित्याकडे वळतो. कॉनन डॉयलच्या 'अ स्टडी इन स्कार्लेट' या १८८७ च्या कादंबरीत खुनी माणूस लंडनमधला कॅबवाला असतो. शहरात कोणाचाही माग काढायचा तर कॅब हाकण्यासारखा सोयीचा धंदा नाही, हे त्या कथानकाचे मर्म. कॅबवाला सगळ्यांना दिसतो आणि कोणालाच दिसत नाही. रहस्यकथेला अशी अदृश्यता वरदानासारखी असते. बीडेल आणि पेंटर यांचे निकाल वाचून ही कादंबरी हाती घेतली तर असे जाणवते, की लेखकाने ज्या सामाजिक अंधत्वाचा चतुर उपयोग करून घेतला, त्याची नोंद न्यायालयाच्या कागदांवर तीस वर्षे आधीच झालेली होती.

अटलांटिकच्या पलीकडे हाच वाद वेगळ्या वळणाने गेला. शिकागोच्या युनियन स्थानकात पेनसिल्व्हेनिया कंपनीने पार्मली नावाच्या वाहतूक कंपनीला एकाधिकार दिला होता. इतर गाडीवाले स्थानकात शिरत आणि बाहेरच्या पदपथावर गर्दी करून प्रवाशांना हाका घालत. १९०५ साली अमेरिकेच्या सर्वोच्च न्यायालयाने डोनोव्हन खटल्यात न्यायमूर्ती हार्लन यांच्या लेखणीतून निर्णय दिला. स्थानकाच्या आत कंपनीची सत्ता. तिने एकाला परवानगी दिली म्हणून दुसऱ्याला ती मागता येणार नाही. मात्र बाहेरचा रस्ता सर्वांचा. तेथे वाट न अडवता उभ्या राहणाऱ्या परवानाधारकाला हाकलता येणार नाही. फाटकाच्या उंबरठ्यावर कायद्याने रेघ मारली. परंतु धंदा आत होता आणि हक्क बाहेर.

याहून विलक्षण कथा केंटकी राज्यातल्या बोलिंग ग्रीन या गावची. तेथे 'ब्राउन अँड यलो' आणि 'ब्लॅक अँड व्हाइट' अशी रंगांची नावे मिरवणाऱ्या दोन टॅक्सी कंपन्या होत्या. लुइव्हिल अँड नॅशव्हिल रेल्वेने स्थानकावर प्रवासी घेण्याचा एकाधिकार पहिलीला देऊ केला. केंटकीच्या न्यायालयांनी असे करार बेकायदा ठरवलेले होते. तेव्हा 'ब्राउन अँड यलो'ने एक युक्ती केली. केंटकीतली कंपनी विसर्जित केली आणि शेजारच्या टेनेसी राज्यात त्याच नावाची कंपनी नोंदवली. गाव तेच, टॅक्सीही त्याच. पण कागदावर कंपनी परराज्यातली झाल्याने तिला केंद्रीय न्यायालयात जाता आले. त्या काळच्या, १८४२ च्या एका निकालापासून चालत आलेल्या रीतीप्रमाणे केंद्रीय न्यायालये अशा प्रश्नांत राज्याच्या न्यायालयांचे मत बांधील मानत नसत. १९२८ साली सर्वोच्च न्यायालयाने सहा विरुद्ध तीन मतांनी 'ब्राउन अँड यलो'च्या बाजूने कौल दिला.

न्यायमूर्ती होम्स यांनी या निर्णयाशी असहमती नोंदवली. ब्रँडाइस आणि स्टोन त्यांच्याबरोबर होते. कायदा ही कोठेतरी अंतराळात राहणारी वस्तू नसून त्याच्यामागे एखादी निश्चित सत्ता असावी लागते, असा होम्स यांचा युक्तिवाद होता. दहा वर्षांनी, १९३८ साली, रुळांच्या कडेने चालताना आगगाडीमुळे जखमी झालेल्या एका माणसाच्या खटल्यात न्यायालयाने जुनी रीत मोडीत काढली. तो निकाल ब्रँडाइस यांनी लिहिला, आणि जुन्या रीतीने काय अनर्थ होतो याचे उदाहरण म्हणून त्यांनी बोलिंग ग्रीनच्या टॅक्सीचाच दाखला दिला. आज अमेरिकेतला कायद्याचा विद्यार्थी हा खटला वाचतो तो केंद्र आणि राज्य यांच्या न्यायाधिकाराचा धडा म्हणून. स्थानकासमोर कोणाची टॅक्सी उभी राहिली आणि कोणाची नाही, हा प्रश्न तळटीपेत गेला. गाडीवाल्याचा खटला अजरामर झाला, पण दुसऱ्याच कारणासाठी.

त्याच १९२८ साली, त्याच निकालसंग्रहाच्या त्याच खंडात न्यू जर्सीतल्या मॉरिसटाउनचाही निकाल आहे. तेथे नगरपालिकेने स्थानकाच्या आवारातली जागा टॅक्सींचा सार्वजनिक थांबा म्हणून जाहीर केली. भरपाई न देता खाजगी जागा अशी घेता येणार नाही, असे सांगून न्यायालयाने तो हुकूम अमान्य केला. लंडनमध्ये कायदेमंडळाने जे साधले, ते येथे नगरपालिकेला साधले नाही.

लंडनचा १९०७ चा कायदा लंडनपुरताच होता, ही गोष्ट विसरता कामा नये. बाकीच्या ब्रिटनमध्ये आवाराचा मालक पूर्वीसारखाच मोकळा राहिला. म्हणून ब्रिस्टल शहरातल्या टेंपल मीड्स स्थानकावर टॅक्सी लावणाऱ्या एका चालकाला एकविसाव्या शतकातही न्यायालयाची पायरी चढावी लागली. रेल्वे चालवणाऱ्या कंपनीने आकारलेली परवाना फी म्हणजे बाजारातल्या वरचढ स्थानाचा गैरवापर आहे, असा त्याचा दावा होता आणि त्याचा आधार होता १९९८ चा स्पर्धाविषयक कायदा. २०१३ साली तो फेटाळला गेला. आम्हाला यातले भाषांतर लक्षणीय वाटते. १८५७ च्या गाडीवाल्याला आपले दुःख प्रवाशांच्या गैरसोयीच्या भाषेत मांडावे लागले. २०१३ च्या चालकाला ते बाजारपेठेच्या भाषेत मांडावे लागले. स्वतःच्या भाषेत मांडण्याची सोय दोघांनाही नव्हती.

आता आपल्याकडे. मुंबईत भाड्याच्या वाहनांसाठी १८६३ सालीच कायदा झाला होता आणि १९२० साली त्याची जागा नव्या कायद्याने घेतली. परवाना, बिल्ला, बांधलेले दर या सगळ्या गोष्टी व्हिक्टोरियावाल्याकडून टॅक्सीवाल्याकडे वारशाने आल्या. रेल्वेच्या बाजूने पाहिले तर १८९० च्या भारतीय रेल्वे कायद्याच्या ४२ व्या कलमात १८५४ च्या ब्रिटिश कायद्याचीच भाषा आहे: वाजवी सोयी द्या, अवाजवी झुकते माप देऊ नका. १९८९ च्या रेल्वे कायद्यातही झुकते माप देण्याला मनाई आहे, आणि रेल्वेच्या आवारात वाहनचालकाने रेल्वे कर्मचाऱ्याचा हुकूम मानला नाही तर शिक्षेची तरतूदही आहे. म्हणजे १८५७ च्या तंट्याची दोन्ही टोके आपल्या कायद्यात आहेत.

परंतु आपल्याकडे दोन गोष्टी निराळ्या आहेत. पहिली अशी, की येथे रेल्वे शासनाची आहे. जागेचा मालक खाजगी कंपनी नसून जनतेच्या वतीने जागा सांभाळणारी सत्ता आहे. दुसरी गोष्ट राज्यघटनेची. तिच्या १९ व्या अनुच्छेदाने प्रत्येक नागरिकाला कोणताही व्यवसाय करण्याचे स्वातंत्र्य दिले आहे. बीडेल आणि पेंटर यांना जे नव्हते ते भारतातल्या चालकाला आहे: त्याला कर्तेपद देणारे एक वाक्य.

त्या वाक्याचे न्यायालयांत काय झाले हे पाहण्यासाठी तीन निकाल पुरेसे आहेत. त्यांतला एकही टॅक्सीचा नाही, पण तिघांचाही विषय सार्वजनिक जागेवर पोट भरण्याचाच आहे. १९७९ साली मुंबईच्या विमानतळावरील उपाहारगृहाच्या कंत्राटावरून रमणा शेट्टी खटला झाला. शासनाला आपली जागा किंवा सवलत मनमानी पद्धतीने वाटता येत नाही, हे तत्त्व न्यायमूर्ती भगवती यांनी त्यात स्पष्ट केले. अर्जदाराला मात्र प्रत्यक्ष दाद मिळाली नाही. १९८५ साली ओल्गा टेलिस खटल्यात मुंबईच्या पदपथांवर राहणाऱ्यांच्या बाबतीत उपजीविकेचा हक्क हा जगण्याच्या हक्काचाच भाग आहे असे सर्वोच्च न्यायालय म्हणाले. पदपथावर राहण्याचा हक्क मात्र मान्य झाला नाही. १९८९ साली सोदान सिंग खटल्यात दिल्लीच्या फेरीवाल्यांना रस्त्यावर व्यवसाय करण्याचा मूलभूत हक्क आहे असे ठरले, पण अमुक एका जागेवर कायम बसण्याचा हक्क नाही, असेही त्याच निकालात ठरले.

तिन्ही निकालांची वाक्यरचना पाहावी. पूर्वार्धात माणूस कर्ता आहे. त्याला हक्क आहे, पोट आहे, प्रतिष्ठा आहे. उत्तरार्धात 'परंतु' येतो आणि त्यानंतर जागा बोलू लागते. न्यायालयांना दोष देण्यासाठी आम्ही हे म्हणत नाही. पदपथ चालणाऱ्यांचा आहे आणि स्थानक प्रवाशांचे आहे, हे खरेच आहे. जागा अपुरी आणि उभे राहणारे फार असले की कोणीतरी रांग लावावीच लागते. तरीही एक अडचण उरते. टॅक्सीचा व्यवसाय जागेवाचून संभवत नाही. प्रवासी जेथे उतरतो तेथेच तो करता येतो. व्यवसायाचा हक्क आहे पण जागेचा नाही, हे वाक्य टॅक्सीवाल्याच्या कानी पडते तेव्हा पोहण्याचा हक्क आहे पण पाण्याचा नाही, असे ते ऐकू येते.

त्यात आवाराची व्यवस्था आता बहुतेक मोठ्या स्थानकांवर निविदेने दिली जाते. सर्वांत जास्त बोली लावणारा कंत्राटदार ती रक्कम रेल्वेला देतो आणि वाहनांकडून वसूल करतो. येथे १९०७ च्या कायद्यातला भेद पुन्हा आठवतो. आवाराची फी ही खर्चाची भरपाई की जागेच्या टंचाईची किंमत? लिलावाने ठरलेली रक्कम झाडलोटीच्या खर्चाशी बांधलेली नसते. प्रवाशांच्या गर्दीचे मोल किती, यावर ती ठरते. दुसऱ्या बाजूला टॅक्सीचे मीटर परिवहन प्राधिकरणाने बांधलेले. १८५३ च्या लंडनमधली विसंगती, चाकाचे भाडे गोठलेले आणि जागेचे मोकळे, आपल्या आवारातही जशीच्या तशी उभी आहे. खाजगी गाडीने आप्तांना घ्यायला आलेला माणूस आणि दिवसातून आठ खेपा करणारा चालक यांना एकाच तक्त्याने पार्किंग लावले, तर कागदावर समता दिसते. पण पहिल्याचा तो एका दिवसाचा खर्च असतो आणि दुसऱ्याच्या रोजच्या मिळकतीला लागलेली गळती.

मग काय करावे? आमचे म्हणणे साधे आहे. आवाराची फी असावी, पण ती आवाराच्या खर्चाला बांधलेली असावी. मीटरचे दर ठरवताना इंधन आणि दुरुस्ती यांच्याबरोबर या फीचाही हिशेब व्हावा, म्हणजे एक सत्ता घेण्यावर मर्यादा घालते आणि दुसरी देण्यावर घालत नाही, ही कोंडी सुटेल. आणि आवाराचे नियम ठरतात त्या बैठकीत, प्रवासी संघटनांना बोलावतात त्याप्रमाणे, चालकांच्या संघटनांनाही बोलवावे. लंडनच्या इतिहासाचा धडा काही असेल तर तो हाच: न्यायालयाने गाडीवाल्याचे ऐकले ते प्रवाशाच्या निमित्ताने, तो स्वतः मोजला गेला तो कायदेमंडळात, संघटित होऊन गेल्यावर.

साहित्याच्या वर्गात आपण विद्यार्थ्यांना कथेतले मौन ऐकायला शिकवतो. कोण बोलत नाही, कोणाविषयी बोलले जाते, हे प्रश्न कादंबरीपुरते राखून ठेवण्याचे कारण नाही. एखाद्या स्थानकावरच्या पार्किंगच्या वादाचा निकाल वर्गात आणावा, त्यातली वाक्ये फळ्यावर लिहावीत आणि प्रत्येक वाक्याखाली कर्ता कोण ते विद्यार्थ्यांना लिहायला सांगावे. रेल्वे प्रशासन, प्रवासी जनता, कंत्राटदार, शासन असे शब्द भराभर येतील. टॅक्सीवाला किती वेळा आला ते शेवटी मोजावे. ज्या वर्गात असे काही विद्यार्थी असतील, की ज्यांच्या घरचा कर्ता पुरुष रोज त्या आवारात गाडी लावतो, त्या वर्गात व्याकरणाचा हा तास पुढे फारसा शिकवावा लागणार नाही.